पुढचे दोन

धानोरी ते ससून, वाटेत एकवीस गतिरोधक.
आईनं मोजलेत, मागच्या सीटवर आडवी पडून,
डोळे मिटून, कण्यातल्या स्क्रूंवर हात ठेवून.
विश्रांतवाडीच्या चौकाअलीकडचा सगळ्यात वाईट.
त्याला ती 'सासरा' म्हणते.

गाडी एकदा उडाली की उडतच राहायची.
बॉनेटवर दोन्ही हातांनी भार देऊन सोडला
तर होडीसारखी डुलत बसायची सँट्रो,
चार झोके, पाच झोके,
कुणी थांब म्हणेपर्यंत.

"पुढचे दोन द्या," नाना पेठेत म्हणालो.
मुस्तफाभाईंनी विचारलं, "फिटर कोण?"
"मीच."
त्यांनी चष्मा कपाळावर चढवला,
स्प्रिंग दाबायचे हूक भाड्यानं दिले,
डिपॉझिट दोन हजार.
"बोटं सांभाळा. त्यांना डिपॉझिट नसतं."

रविवारी बी विंगच्या पार्किंगात जॅक लावला,
खाली स्टेपनी सरकवली, चाक काढलं.
आत शॉकअप घामेजलेला,
तेल सुटून, त्यावर शहरभराची धूळ बसून
काळी खपली धरलेला.
आई कमरेला पट्टा आवळून खुर्चीवर शेजारी.
मुथांनी गॅलरीतून डोकावलं,
"सोसायटीत रिपेरिंग अलाउड नाही हो!"
"फिजिओथेरपी चाललीय," आई म्हणाली.

सतराचा बोल्ट हलेना.
पान्यावर पाय देऊन उभा राहिलो,
पाना सटकला, बोटांची सालं गेली.
"तेल सोड त्यावर आणि चहा पिऊन ये.
गंजाला घाई कळत नाही."
भोसरीत एकतीस वर्षं ती गेज घेऊन बसायची,
दिवसाला आठशे बुश,
हा जातो, हा जात नाही.
निर्गुणाबाईंनी बाजूला टाकलेला माल
सुपरवायझरसुद्धा पुढे ढकलत नसे.
हे सगळं ऐकलेलं.
तिला कामावर मी कधी पाहिलंच नव्हतं.

नातीचं नेलपॉलिश मागवून
तिनं बोल्टवर रेघ ओढायला लावली.
"होता तिथंच परत बसला पाहिजे."

हूक दोन्ही बाजूंनी आळीपाळीनं आवळत गेलो.
स्प्रिंग गप्प होत गेली,
इतकी गप्प, की आम्हीही हळू आवाजात बोलू लागलो.
मधल्या नटाला पाना लावला तेव्हा आई म्हणाली,
"तोंड बाजूला घे,"
भुईनळा पेटवताना म्हणायची तसं.

जुन्याचा दांडा तिनं तळहातानं दाबला.
गेला खाली, तिथंच राहिला.
नवा दाबला.
सावकाश वर आला, तिचा हात उचलून देत.
"म्हणजे धक्का हा घेतो?"
"धक्का स्प्रिंगच घेते.
हा फक्त नंतरचं थांबवतो."
मग बराच वेळ ती बोलली नाही.
जुना मांडीवर घेऊन चिंधीनं पुसत राहिली,
अगदी खाचेतलीसुद्धा माती काढली.
भंगारात जायच्या वस्तूला कोण पुसतं.

दुसरी बाजू चाळीस मिनिटांत झाली.

संध्याकाळी निघालो.
स्टिअरिंग जरा डावीकडे ओढत होतं,
अलाइनमेंट उद्या.
सासरा आला.
एकदा वर, एकदा खाली.
बस्स.
"परत घे," मागून आवाज.
वळवून परत घेतला.
तिसऱ्यांदा आरशात पाहिलं तर
ती उठून बसलेली, खिडकीची काच खाली,
आणि नेमकं तेव्हाच
डाव्या चाकाकडून टक्.
पुन्हा टक्.

"ऐकलंस?"
"लिंक रॉड असेल."
"मग पुढच्या रविवारी," म्हणाली,
आणि हात लांबवून
नेलपॉलिशची बाटली माझ्याकडे दिली,
पुढच्या खणात ठेवायला.