पंच क्रमांक दोन

पहाटे साडेचारले शटर वाजलं.
एप्रिल. कूलरचे दिवस, मी दुकानातच झोपत होतो,
वाळ्याच्या ताट्यांजवळ.
"बोरकुटे तूच ना? चाल, पंच पाहिजे."
पंच म्हणजे मले वाटलं मान असतो त्यात.
शर्टाची बटनं वरपर्यंत लावली.

बेझनबागेतलं दोन खोल्यांचं घर.
मागच्याच आठवड्यात तिथला पंप बदलला होता,
साडेतीनशे, पन्नास बाकी.
हर्षपाल मास्तर बनियनवर उभा.
त्यानं मले ओळखलं अन् नजर खाली केली,
जशी काही लाज माहीच होती.

पंच क्रमांक एक ठाण्यासमोरचा पानठेलेवाला,
त्याची ही अठरावी वेळ. तो खुर्चीवर पेंगत होता.
मी मोजत होतो.
एक लॅपटॉप. दोन मोबाईल, एकाची काच फुटलेली.
पुस्तकं एकोणचाळीस.
ज्यांच्या नावात 'लढा' होतं ती वेगळी काढली,
एक त्यात क्रिकेटचं निघालं, तेही गेलं.
अन् लाल पुठ्ठ्याची वही:
सोम १, मंगळ १, बुध खाडा, गुरू १॥.
साहेबानं वही ट्यूबलाईटखाली धरली.
"दुधाचा हिशेब आहे," बाई म्हणाली.
साहेबानं लिहिलं: सांकेतिक मजकूर.

सायंकाळी शिपाई दुकानात आला, अकरा कागद घेऊन.
"कर सह्या, मले जेवाले जायचं आहे."
स्टुलावर ठेवून केल्या. दोन कोरे होते.

त्या कागदात मी फार शुद्ध बोलतो बाप्पा:
सदर मुद्देमाल माझे समक्ष लाखेने मोहोरबंद करण्यात आला.
लाख मी पाहिली ती बायकोच्या बांगडीत.

सिव्हिल लाईन्सले हायकोर्टाचे एसी धुवाले गेलो होतो एकदा.
जिन्याखाली वकीलबाई मास्तरच्या बायकोले समजावून राहिली होती,
हा कायदा वेगळा आहे ताई,
आरोप प्रथमदर्शनी खरा वाटला
की जामिनाचं दार बंद.
प्रथमदर्शनी म्हणजे कागदावर.
कागदावर म्हणजे
मी हातातला पाईप तसाच धरून उभा.
पाणी बुटात गेलं.

आमच्या गल्लीतला बंटी, ज्यानं चाकू मारला माणसाले,
दीड वर्षात सुटून आला, आता प्लॉट विकते.
मास्तरची पोरगी तेव्हा पाचवीत होती.
दहावीचा शेवटचा पेपर झाला, त्या हप्त्यात
मले समन्स आलं.

"कागदात आहे तेवढंच बोल," सरकारी वकील म्हणाले.
चांगले माणूस, चहा पाजला.
मग पिंजरा, शपथ, अन् वकीलबाईचा एकच प्रश्न:
मोहोर लावताना तुम्ही पाहिलं?
वर पंखा कटकट करून राहिला होता,
बुश गेलेला. मले ऐकूनच समजते.
मी तेच ऐकत राहिलो, बराच वेळ.
"नाई," म्हटलं. "लाख पाहिली नाई.
वही दुधाचीच होती. दोन कागद कोरे होते."

सरकारी वकील उठले:
साक्षीदार फितूर घोषित करावा.
टायपिस्टनं टपटप लिहून टाकलं.
पाच वर्षं खोटा होतो तर पंच होतो.

सुटला-बिटला नाई कोणी.
पुढची तारीख बावीस.
दोन पोलिसांच्या मधून जाताना मास्तर थांबला,
केस पार पांढरे,
"घरचा कूलर पाहून घे गा," म्हणाला,
"यंदा बेचाळीस आताच होऊन राहिलं."

गेलो. ताट्या बदलल्या, टाकीतला गाळ काढला.
बाईनं पैसे मोजून दिले, ते जुने पन्नासही.
नको म्हटलं तर म्हणे, घ्या, बाकी राहू नये काही.
वहीत लिहिलं तिनं. पुठ्ठा निळा होता.
पोरीनं बटन दाबलं.
पहिली हवा गरमच येते,
ताट्या भिजेपर्यंत.