इशारा पातळी

राजारामपुरीतल्या बाईंनी दिली होती कार्डं,
पिवळ्या गोल चेहऱ्यांची.
हा राग, ही भीती, हा हिरमोड.
इंद्रजितनं ती नीट रचली, कडेला कड लावून,
आणि खाटेखाली सारली.
चेहरे त्याच्याशी कधी बोलले नाहीत.
आकडे बोलायचे.

जुलै-ऑगस्टात तो पेपरातली एकच चौकट वाचतो:
राजाराम बंधारा, छत्तीस फूट चार इंच.
इशारा एकोणचाळीस, धोका त्रेचाळीस.
राधानगरीचा कितवा दरवाजा किती वाजता उघडला
ते मला त्याच्याकडूनच कळतं.

एकदा गिरणीचा पट्टा किंचाळला.
त्यानं कान दाबले, भिंतीवर डोकं आपटायला लागला.
मी नेहमीसारखा, काय झालं, काय झालं, सांग की,
म्हणजे पुरात आणखी पाणी.
मग गिरणी बंद केली. बोलणंही.
खूप वेळानं, त्याच्याकडे न बघता, विचारलं,
किती फूट?

त्रेचाळीस होतं, तो म्हणाला.
आता एक्केचाळीस नऊ.

चौदा वर्षांत पहिल्यांदा
मला त्याच्या आतली बातमी मिळाली.

दाराच्या चौकटीवर गेरूनं पट्टी आखलीय आता.
छत्तीसला तो आपला आपण मागच्या खोलीत जातो,
जोंधळ्याच्या पोत्यात कोपरापर्यंत हात घालून बसतो.
एकोणचाळीसला मांडीवर दहा किलोची पिशवी.
त्रेचाळीसला कुणी शब्द काढायचा नाही,
त्याच्या आत्यानंसुद्धा.
पाणी इंचाइंचानंच उतरतं.
काठावर उभं राहून ओरडलं म्हणून
पंचगंगा कधी घाईनं गेली नाही.

परवा दळण न्यायला आलेला एकजण
हसत म्हणाला, खुळं हाय व्हय तुमचं पोरगं?
मी डबा त्याच्यापुढं आदळला. पीठ उडालं.
तो गेला. मी उगाचच
स्वच्छ चाळण पुन्हा पुन्हा झाडत राहिलो.

इंद्रजित आला. माझ्या तोंडाकडे नाही,
हातांकडे बघितलं.
पप्पा, किती फूट?

काय नाही रे, वीस.

खोटं. वीसला पीठ उडत नाही.

त्यानं बटण बंद केलं. पट्टा फडफडत थांबला.
पोत्याचं तोंड सोडून तो बाजूला सरकला,
एका माणसाची जागा ठेवून.

जोंधळे आतून गार होते.
माझे हात अजून थरथरत होते
आणि तो उधारीच्या वहीत लिहीत होता:
पप्पा. एक्केचाळीस फूट सात इंच.
सायंकाळी सहा.
पातळी स्थिर.