चार बोटं

चिमणबागेत टेंटवाल्या युसुफभाईंनी
माइक पुढ्यात सरकवला, म्हणाले,
"दीदी, चार अंगुल दूर रहना,
वरना फूं-फूं होती है."
चार बोटं.
चेंडूवर किती बोटं ठेवायची
हे अकरा वर्षं मला कुणी सांगितलं नव्हतं.

(नाव सॉफ्टबॉल. लागला की कळतं.)

खांदा वर जात नाही आता.
फळीवरचा डबा काढायला स्टूल लागतं.
डॉक्टर पुराणिकांनी फिल्म उजेडाला धरली
आणि नुसतं "हं" म्हटलं.

आई म्हणाली, बोलायला तरी तुला
कुठे शिकवावं लागतंय?
पण मैदानात मी बोलतच नव्हते.
कॅचर मंदाकिनी ग्लव्हआड बोटं हलवायची,
मी मान हलवायची, हो किंवा नाही.
घरात मराठी, गल्लीत हिंदी,
आणि आम्हा दोघींची ती तिसरी,
जिच्यात एकदाही भांडण झालं नाही.

आता सांगायचं हिंदीत:
"और ये गेंद..."
वाक्य क्रियापदाशी पोचेपर्यंत
चेंडू मातीत लोळून थांबलेला.
पूर्वी चेंडू हातात असतानाच
मला कळायचं, कुठे जाणार.
कळतं अजूनही आधीच.
सांगायचं मात्र नंतर.
मधला अर्धा श्वास
गिळायला शिकते आहे.

समोर अलीराजपूरची रेशम डावर,
सोळा वर्षांची.
हात कानावरून रहाटासारखा फिरला,
मांडीशी आला,
आणि मनगट किंचित लवकर उघडलं.
ड्रॉप.
मला दिसलं. बॅटवालीला नाही.
माझ्या तोंडाशी दोन भोंगे,
शब्द जिभेवर येऊन बसलेला.
बोलले असते तर
पेपर फुटावा तसा तिचा चेंडू फुटला असता.

थांबले.
मैदानभर नुसती खरखर.
युसुफभाई वायर हलवून बघायला लागले.

चेंडू खालून गेला, बॅट वरून.
"तीसरा स्ट्राइक," मी म्हटलं,
आणि पाठोपाठ, न विचारता,
"शाब्बास गं पोरी."
भोंग्यांनी ते रामबागेपर्यंत नेलं.

रेशमला मराठी येत नाही.
तिने मंडपाकडे बघितलं,
मान हलवली, हो,
आणि ग्लव्ह पुढे केला
पुढच्या चेंडूसाठी.