पाटी वाचणारा

मंडईमागच्या तंबूत मी पाट्या वाचायचो.
आठवड्याला दीड रुपया, वर चहा.
पडद्यावर ओठ हलायचे, मग काळ्यावर पांढरी अक्षरं,
मग मी.
तांबट आळीची माणसं पुढच्या चटयांवर,
हंड्यांवर ठोके घालून घालून कान गेलेली.
त्यांच्यासाठी सगळं ओरडून वाचावं लागे,
पश्चात्तापसुद्धा.

त्या आठवड्यात पुजाऱ्याच्या बायकोचं चित्र होतं.
पोर तापानं फणफणलेलं, म्हणून ती देवीची नथ विकते.
आळ येतो झाडलोटीच्या गड्यावर.
पुजाऱ्याला सगळं ठाऊक.
तो गाभाऱ्यात उभा राहतो, तोंड उघडतो,
आणि पाटी येते:
‘पाप्याला क्षमा नाही. शिपायांनो, हिला न्या.’

शनिवारी मी तसंच वाचलं.
कनातीपलीकडे, बायकांच्या बाजूला,
कुणाच्या तरी बांगड्या एकदम थांबल्या.
एवढंच झालं.

रविवारी तोंडून निघालं:
‘देवी म्हणाली, नथ माझी होती. मी दिली.’
शिट्टी नाही, टाळी नाही.
भिकोबा करड्यानं पागोटं काढून मांडीवर ठेवलं.
पडद्यावर मात्र शिपाई तिला नेतच होते.
मी म्हणालो, घरी पोचवतायत.

खेळ सुटल्यावर बुरुडाचा येसू आडवा आला.
दहा वर्षांचा. रात्रशाळेत नुकतीच जोडाक्षरं आलेली,
मीच शिकवलेली,
छडी पाटीवर ठेवून: लिहिलंय तेच वाचायचं, मनातलं नाही.
‘मास्तर, तिथं क्ष होता.
तुमच्या वाचण्यात क्ष आलाच नाही.’

रात्रभर नागझरीच्या कडेनं हिंडलो.
खोटं त्या बाईसाठी बोललो,
की त्या बांगड्यांसाठी,
की पागोटं उतरावं म्हणून?
आणि गड्याचं काय?
माझ्या देवीनं त्याचं नावसुद्धा घेतलं नव्हतं.

सोमवारी पुन्हा तो गाभारा. पुन्हा ती पाटी.
मी उभा राहिलो, आणि काहीच वाचलं नाही.
मशीनची घरघर तेवढी.
भिकोबानं कानामागे हात धरला;
त्याला वाटलं, आपल्यालाच ऐकू आलं नाही.
कनात हलली.
मालक पेटीमागून खुणा करत होता.

येसू पुढच्याच चटईवर होता.
आवाज नव्हता,
त्याचे ओठ मात्र हलत होते.