सैल वेणी

त्या जूनमध्ये माझी वेणी बाबा घालायचे.
रेंजहिल्सच्या क्वार्टरात, सकाळी, भोंग्याच्या आधी.
बोटं पिवळी. कारखान्यातल्या भरणी खात्याचा रंग,
कार्बोलिकनं दोनदा धुतली तरी जायचा नाही.
पांढऱ्या रिबिनीवर ठसा उरायचा, हळदीसारखा,
आणि फर्नांडिस टीचर विचारायच्या,
घरी लग्न आहे का गं कुणाचं?
मी हो म्हणायचे.

आई खडकीच्या मिलिटरी हॉस्पिटलात सिस्टर.
मे अखेर हुकूम आला, दोन दिवसांत गेली.
कॉटखाली आंबे अढीत घातलेत
हे सांगायचं राहून गेलं तिचं.
वास सुटला तेव्हा आम्हाला कळलं.

पत्रावर पत्ता: ५६ ए.पी.ओ.
मी भूगोलाच्या पुस्तकात शोधला.
वरचे डोंगर तपकिरी होते, नद्या होत्या,
५६ कुठेच नव्हतं.
‘गाव नाही ते, उल्का. पेटी आहे पत्रांची.
तिकडच्या सगळ्यांची मिळून एकच.’

रविवारी रात्री गडशिंगकाकूंकडे फोन यायचा.
आधी नुसती खरखर, मग
‘जेवलीस?’
मी म्हटलं, बाबांना रोज ओव्हरटाइम आहे.
ती थोडा वेळ बोललीच नाही.
मग म्हणाली, ‘हो. इथे कळतं ते.’
आणि लगेच, ‘उवा नाहीत ना झाल्या?’

टीव्हीवर झेंड्यात गुंडाळलेल्या पेट्या दाखवायचे.
बाबा उठून बटण दाबायचे.
काळ्या काचेत आम्ही दोघं दिसायचो,
मी आणि वरणभाताचं ताट धरलेले बाबा.
एकच पेटी म्हणाला होतात,
असं मी विचारलं नाही.

आई आली ऑक्टोबरात. केस कापून आलेली.
पहिल्याच सकाळी तिनं माझी वेणी घातली:
बारीक, घट्ट, एकसारखे पेड,
डोळ्यांचे कोपरे ताणले जातील अशी.
ती मधेच थांबायची, पेड मोजायची, पुन्हा सुरू.
दुखतंय म्हणायची हिंमत झाली नाही.

दुसऱ्या दिवशी मी कंगवा घेऊन
गुपचूप बाबांसमोर जाऊन बसले.
आई ओट्याशी उभी होती. बघत होती.
मग आली आणि म्हणाली, ‘दे इकडे.’
मी कंगवा पुढे केला.
तिला कंगवा नको होता.

तिनं बाबांचे हात घेतले, मांडीवर ठेवले,
ट्रंकेतून स्पिरिट काढलं, कापूस काढला,
आणि एकेक बोट पुसायला लागली,
नखांच्या कडा, पेरांच्या रेघा,
कुणाला दुखेल अशा बेतानं, हळू.
बाबा म्हणाले, ‘जात नाही गं ते.’
ती पुसत राहिली.

भोंगा झाला.
बाबा ओल्याच हातांनी डबा घेऊन निघाले.
माझी अर्धी वेणी आपोआप सुटत गेली.