दोनशे बहात्तर नंबर

आमच्या टेबलावर दोनशे चाळीस म्हणजे मानाचा नंबर.
एका पौंडात दोनशे चाळीस गर:
पांढरे, अख्खे, कुठे डाग नाही.
त्याच्या खाली तीनशे वीस, मग चारशे पन्नास.
नंबर जेवढा मोठा, तेवढा गर बारीक.
हे शिकायला मला एक सकाळ पुरली होती.

म्हणून कुडाळच्या बँकेत साहेब
'दोनशे चाळीस हप्ते' म्हणाले
तेव्हा उगाचच ओळखीचं वाटलं.
सही केली. सगुणनेही केली.
टेम्पोच्या ऑइलचा अंगठा
त्याच्या नावाशेजारी आपोआप उमटला.

अठरा लाख. महिन्याला पंधरा हजार सहाशे एकवीस.
वेंगुर्ल्यात कॅम्पात दुसरा मजला, चारशे ऐंशी फूट,
स्वयंपाकघराच्या खिडकीतून रात्री
बंदराची बत्ती येऊन भांड्यांवरून फिरून जाते.

मधे एकदा मेसेज आला: व्याजदर वाढला आहे,
आपला हप्ता तोच ठेवला आहे.
हप्ता वाढला नाही म्हणून
त्या दिवशी आम्ही सुरमई आणली.

चार वर्षांनी मुलाच्या फॉर्मसाठी कर्जाचा उतारा काढला,
तो डब्याच्या पिशवीत घालून कारखान्यात नेला.
फिलू मावशी सातवीपर्यंत शिकलेली,
पण ट्रेमधले गर नुसत्या नजरेने मोजते.
चहाच्या सुट्टीत तिने चष्मा पुसला,
टेबलावर पंधरा गर मांडले, वर एक पाकळी.
'ह्यो तुझो पयलो हप्तो.'
मग एकेक बाजूला सारत गेली:
'ह्यो बँकेचो. ह्यो बँकेचो. ह्योव बँकेचो.'
बारा झाले, तेरावाही बहुतेक गेला.
'तुका काय गावला गो?'
माझ्या बाजूला धड तीनसुद्धा नव्हते.

चार वर्षांत साडेसात लाख भरले.
त्यातले घरात मुरले एक लाख त्रेसष्ट हजार.
रात्री सगुणने टेप काढला, फरशीवर खडूने रेघ मारली:
चारशे ऐंशीतले त्रेचाळीस फूट आपले.
न्हाणीघर,
आणि दारात चपला काढण्यापुरती जागा.
बाल्कनीचे गज मात्र खाऱ्या वाऱ्याने गंजलेत.
बाल्कनी बँकेची,
रंगाचा डबा आमचा.

उताऱ्याच्या शेवटच्या पानावर
दोनशे चाळीसाचे दोनशे बहात्तर झाले होते.
सुरमई आणली त्या दिवशीचे बत्तीस.
या नंबरचा गर आमच्याकडे नसतोच.
अठरा लाखांचं घर साडेबेचाळीस लाखांना,
आणि शेवटचा हप्ता जाईल तेव्हा
मला एकसष्टावं लागलेलं असेल.
पन्नाशीनंतर आमच्या टेबलावर कुणाला ठेवत नाहीत.
पांढऱ्यातला पिवळा दिसेनासा होतो.

हे साहेबांनी सांगितलं नव्हतं असं नाही.
कागदावर होतं. कागद इंग्रजीत होता,
आणि बाहेर टेम्पोत बर्फ वितळत होता.

फिलू मावशी म्हणाली, 'रडान काय जाता?
चवथीचो बोनस येतलो. एक हप्तो जादा घाल.
आत्ताचो एक शेपटेकडचे सा खाईत.'
मला खोटं वाटलं.
मागच्या बाजूला पेन्सिलीने करून बघितलं,
दोनदा.

चवथीला टेम्पोचा टायर घ्यायचा होता.
सगुण म्हणाला, जुन्यावर पॅच मारतो,
आणि त्यानंतर दोन दिवस माझ्याशी बोलला नाही.

काउंटरवरच्या मुलीने विचारलं,
'हप्ता कमी करायचा की मुदत?'
'मुदत,' मी म्हटलं.
मागच्या रांगेतला माणूसही वळून बघेल
एवढ्या मोठ्याने.

दुसऱ्या दिवशी टेबलावर ट्रे आला.
बोटं चालत होती, अख्खा, पाकळी, तुकडा, कणी,
आणि मनात नवा आकडा:
दोनशे सहासष्ट, वर एक पाकळी.
हाही नंबर कुठल्या डब्यावर नसतो.
पण गर जरासा
जाड झाला होता.