चौकट हलवायची नाही

एतेल्काने तीन आठवडे कॅमेरा पेटीतून काढलाच नाही.
तिसा नदीच्या काठावर पॉपलरखाली
घडीची खुर्ची टाकून बसायची,
आणि मी, तिचा आवाजवाला, रोजंदारीवर,
कानांवर हेडफोन चढवून
डासांची नोंद करीत असायचो.

"काय बघतेस?" एकदा विचारलं.
"अजून मीच दिसतेय," म्हणाली.
"ते ओसरू दे."

पलीकडे जायला पूल नाही. तराफा आहे,
दोन मोटारी, नाहीतर एक मोटार आणि पाच-सहा सायकली मावतील एवढा.
आडव्या तारेत खाचेचा दांडा अडकवून
ओदोन तो ओढतो, सहा मिनिटं जायला, सहा यायला.
सातला पावाची गाडी. साडेसातला शाळेची पोरं.
एक म्हातारी रोज पलीकडे जाते
आणि न उतरता त्याच फेरीने परत येते.
का, ते आम्ही विचारलं नाही.
विचारलं की उत्तर मिळतं, एतेल्का म्हणाली,
मग चित्रपट कशाला काढायचा?

पैसे संपत आले. अनुदानवाल्यांचं पत्र आलं :
यात कथानक कुठे आहे?
पत्राच्या पाठीवर तिने सामानाची यादी केली,
खसखस, मेणबत्त्या, सेल.

चौथ्या आठवड्यात एकच चौकट लावली.
हलवायची नाही.
नदी तिच्या वाटेने, तराफा आडवा,
आणि मधूनच कोणीच नाही.
ते कोणीच नाही तिला फार आवडायचं.

ऑक्टोबरात ओदोनची बायको गेली.
दफनभूमी पलीकडच्या काठाला.
शवपेटी त्याच तराफ्यावर,
आणि दांडा त्याने दुसऱ्या कोणाला धरू दिला नाही.
कुठल्याही दिग्दर्शकाने जीव टाकावा असं ऊन पडलं होतं.
एतेल्काने भिंगाला टोपण लावलं आणि उभी राहिली.
मीही यंत्र बंद करायला हवं होतं.
बोटं गारठली होती, असं नंतर सांगितलं.

ती सहा मिनिटं तिने हिवाळाभर ऐकली.
शेवटी ठेवली,
वर दुसऱ्या दिवशीची रिकामी नदी.
"ओदोनला विचारलंस?"
"दाखवणार आहे."

शाळेच्या व्यायामशाळेत, भिंतीला चादर लावून.
पहिली वीस मिनिटं लोक आपापल्या सायकली ओळखत होते.
मग ती नदी आली.
पाणी, तार, आणि दर ओढीला करकरणारं एक चाक.
ओदोन उठला,
अंधारात खुर्च्यांना धडकत बाहेर गेला.
एतेल्काने माझ्याकडे पाहिलं नाही.

धक्क्यावर पोचलो तर
तराफ्याच्या कडेला तो पालथा पडलेला,
तोंडात टॉर्च, कोपराशी ग्रीसचा डबा.
टॉर्च काढून म्हणाला, "डावीकडचं, पुढचं.
त्या दिवसापासून बोलतंय.
मला वाटलं, मलाच ऐकू येतं."

मग टॉर्च एतेल्काच्या हातात दिला.
"इथे धर.
हलवू नकोस."